अर्ध्या पेनीचा पेपर, सत्तावीस वर्षांचा संपादक: डार्लिंग्टन १८७६

१८७६ चा ऑगस्ट. इंग्लंडच्या उत्तरेकडे डार्लिंग्टन नावाचं रेल्वेचं गाव, वस्ती पंचवीस-तीस हजारांची, आणि तिथून रोज सकाळी निघणारा 'नॉर्दर्न एको' नावाचा पेपर, किंमत अर्धा पेनी. संपादकाचं नाव विल्यम थॉमस स्टेड, वय २७. या माणसाने त्या ऑगस्टमध्ये ठरवलं की लंडनमधलं सरकार बल्गेरियात कत्तली करणाऱ्या तुर्कस्तानची पाठराखण करतंय ती थांबवायची, आणि पुढच्या काही आठवड्यांत उत्तर इंग्लंडमध्ये गावोगावी सभा भरायला लागल्या, ठराव व्हायला लागले, परराष्ट्र खात्याकडे निवेदनांचा ढीग पडला आणि माजी पंतप्रधान ग्लॅडस्टन, जो लिबरल पक्षाचं नेतृत्व सोडून घरी पुस्तकं वाचत बसला होता, तो परत मैदानात उतरला.

हे सगळं एकट्या स्टेडने केलं असं मी म्हणणार नाही, तसं म्हणणं खोटं ठरेल. पण जिल्ह्याच्या पेपरचा संपादक नेमकं काय करू शकतो आणि कशाच्या जोरावर करू शकतो, हे समजून घ्यायचं असेल तर मला याच्यापेक्षा चांगलं प्रकरण माहीत नाही. मी स्वतः काही वर्षं एका जिल्हा दैनिकाच्या डेस्कवर रात्रपाळी केलीये, त्यामुळे स्टेडबद्दल वाचताना मला नेहमी तो लंडनमधला, तुरुंगात गेलेला, टायटॅनिकवर बुडालेला प्रसिद्ध स्टेड कमी आणि हा डार्लिंग्टनचा स्टेड जास्त आपला वाटतो.

आधी माणूस. जन्म ५ जुलै १८४९, नॉर्थम्बरलँडमधल्या एम्बल्टनचा. वडील काँग्रिगेशनल पंथाचे पाद्री, म्हणजे सरकारी चर्चच्या बाहेरचे, पैसा जेमतेम पण घरात पुस्तकं आणि शिस्त भरपूर. पोरगं वर्षाचं असताना कुटुंब टाइन नदीवरच्या हाउडनला आलं. वडिलांनीच घरी शिकवलं, लॅटिनसकट, मग वेकफिल्डजवळच्या सिल्कोट्स शाळेत दोन वर्षं, आणि चौदा-पंधराव्या वर्षी शाळा बंद होऊन न्यूकॅसलच्या धक्क्यावर एका व्यापाऱ्याच्या ऑफिसात उमेदवारी, पुढे तिथेच कारकुनी. कॉलेज नाही, पदवी नाही. आईचा उल्लेख सहसा राहून जातो, पण सांसर्गिक रोगांच्या कायद्यांविरुद्ध, म्हणजे ज्या कायद्यांनी पोलिसांना संशयावरून बायकांना धरून जबरदस्तीने तपासायचा अधिकार दिला होता त्याविरुद्ध, तिने तिच्या भागात मोहीम चालवली होती. मुलाच्या पुढच्या सगळ्या धडपडीचं मूळ मला तरी या माउलीत दिसतं.

आता पेपर. १ जानेवारी १८७० ला जॉन हिस्लॉप बेल याने सुरू केला, पाठीशी पैसा पीझ घराण्याचा. पीझ म्हणजे डार्लिंग्टनचे क्वेकर, हाही सरकारी चर्चबाहेरचाच एक पंथ, लोकर, बँक, कोळसा, लोखंड सगळ्यात हात, आणि १८२५ ची स्टॉकटन-डार्लिंग्टन रेल्वे ज्यांच्यामुळे झाली तेच हे. १८६८ मध्ये डार्लिंग्टनला पहिल्यांदा स्वतःचा खासदार मिळाला, या मंडळींचा माणूस निवडून आला खरा पण हेन्री किंग स्पार्क नावाच्या विरोधकाने चांगलंच नाकी नऊ आणलं, आणि त्या स्पार्ककडे स्वतःचं वर्तमानपत्र होतं. तेव्हा 'एको' निघाला तो काही निव्वळ लोकसेवेसाठी नाही, स्थानिक राजकारणातली गरज म्हणून निघाला. हे मी मुद्दाम सांगतोय कारण जिल्ह्याचा पेपर जवळपास सगळीकडे असाच निघतो, कुणाच्या तरी गरजेतून, आणि तरीही त्यात एखादा संपादक असा येतो की मालकाची गरज भागवून वर स्वतःचं काहीतरी उभं करतो.

अर्धा पेनी ही किंमत शक्य कशी झाली, तर त्याआधीच्या वीस वर्षांत एकेक कर उठत गेला. जाहिरातींवरचा कर १८५३ ला गेला, वर्तमानपत्रांवरची स्टँप ड्युटी १८५५ ला, कागदावरचा कर १८६१ ला. स्टँप ड्युटी गेल्याबरोबर लंडनबाहेर दैनिकांचं पेवच फुटलं. मग १८६८ मध्ये लंडनबाहेरच्या पेपरमालकांनीच मिळून प्रेस असोसिएशन काढली आणि १८७० मध्ये सरकारने तारखातं ताब्यात घेऊन पेपरांना स्वस्त दर दिले, म्हणजे संसदेतलं रात्रीचं भाषण तारेने यायचं आणि सकाळी डार्लिंग्टनमध्ये छापून तयार. लंडनचे पेपर ट्रेनने येईपर्यंत दिवस वर यायचा. लंडनची बहुतेक दैनिकं एक पेनी, 'टाइम्स' तर तीन पेनी. डार्लिंग्टन पडतं लंडन-एडिंबरा या मुख्य मार्गावर आणि तिथून फाटे जातात डरहॅमच्या खाणींकडे, टीज नदीकाठच्या लोखंडाच्या कारखान्यांकडे, यॉर्कशरच्या खेड्यांकडे. गाव लहान, पण पहाटे तिथून गठ्ठे सुटले की सगळीकडे वेळेत पोचायचे. ज्याने कुणी एसटीच्या वेळा सांभाळत आवृत्ती सोडलीये त्याला याचं मोल वेगळं सांगायला नको.

स्टेड या पेपरात आला तो वाचक म्हणून. कारकुनी करता करता १८७० पासून लेख पाठवायला लागला, फुकट. पहिला संपादक जॉन कोपलस्टन त्याला सांभाळून घेऊन छापायचा, पैसे मात्र नाही. आणि एप्रिल १८७१ मध्ये, कोपलस्टनच्या जागी, बेलने याच पोराला संपादक केलं. वय २१, पगार वर्षाला १५० पौंड, आणि तोपर्यंत वर्तमानपत्राच्या ऑफिसचा उंबरासुद्धा ओलांडलेला नाही! मग हा गेला लीड्सला, 'लीड्स मर्क्युरी'चा संपादक वेमिस रीडकडे, कामाची माहिती घ्यायला. रीड त्याच्याहून सातेक वर्षांनी मोठा, नुकताच संपादक झालेला. रीडनेच पुढे लिहून ठेवलंय की शिकायला आलेला हा मुलगा रात्रभर पेपर कसा चालवतात यापेक्षा पेपरने जग कसं बदलायचं यावरच बोलत बसला.

त्याच सुमारास एका ओळखीच्या पाद्र्याला लिहिलेल्या पत्रात स्टेड म्हणतो की सैतानावर हल्ला चढवायची ही केवढी नामी संधी आहे. हे वाक्य पुष्कळदा उचललं जातं, गंमत म्हणून. मला त्यात गंमत दिसत नाही, तो अगदी मनापासून बोलतोय. अग्रलेख त्याच्यासाठी प्रवचन होतं आणि अर्धा पेनी देणारा खाणकामगार, विणकर, दुकानदार, मेथडिस्ट प्रार्थनाघरात जाणारी बाई ही त्याची मंडळी. १८७३ मध्ये लहानपणापासून ओळखीच्या एमा ल्यूसी विल्सनशी लग्न केलं, गावाबाहेर घर घेतलं, तट्टावर बसून ऑफिसला यायचा. मुलांचं शिक्षण, खाणकामगारांचे प्रश्न, आईने लढवलेल्या त्या कायद्यांविरुद्धचा लढा, आयर्लंडचं स्वराज्य, सगळ्यावर लिहायचा. अशी पाच वर्षं गेली.

आता मुख्य गोष्ट. १८७६ च्या एप्रिल-मे मध्ये बल्गेरियात तुर्की सत्तेविरुद्ध उठाव झाला आणि तो चिरडताना 'बाशीबुझुक' नावाच्या बेशिस्त टोळ्यांनी गावंच्या गावं कापली. बाटाक गावात हजारो माणसं मेली, चर्चमध्ये आसरा घेतलेल्या बायकापोरांसकट. २३ जूनला लंडनच्या 'डेली न्यूज'ने पहिली बातमी दिली. पंतप्रधान डिझरायलीने संसदेत ती कॉफीहाउसमधली बडबड म्हणून झटकली, कारण रशिया भूमध्य समुद्राकडे सरकू नये म्हणून तुर्कस्तान टिकवायचा हे इंग्लंडचं जुनं धोरण, आणि त्या धोरणाच्या मुळाशी हिंदुस्थानचा रस्ता सुरक्षित ठेवणं हे होतंच. मग 'डेली न्यूज'ने मॅकगॅहन या अमेरिकन बातमीदाराला तिकडे पाठवलं आणि ऑगस्टमध्ये त्याची बाटाकवरून आलेली वार्तापत्रं छापली, ज्यात कवट्यांच्या ढिगाचं वर्णन आहे. सरकारचा स्वतःचा अधिकारी बेअरिंग, त्यानेही बारा हजार माणसं मेल्याचा आकडा दिला.

म्हणजे बातमी स्टेडची नव्हती! ती लंडनच्या पेपरची होती, आणि बातमीदार पाठवायला 'एको'कडे पैसेही नव्हते. हा मुद्दा नीट लक्षात घ्यायला हवा कारण त्यातच या प्रकरणाचं सगळं मर्म आहे. लंडनच्या पेपरने बातमी दिली, लोक हळहळले, आणि संसदेचं अधिवेशन संपून खासदार सुट्टीवर शिकारीला गेले. सगळं तिथेच विरलं असतं. स्टेडने काय केलं, तर रोज अग्रलेख लिहिला, तोच विषय, परत परत, कंटाळा न करता, आणि प्रत्येक वेळी वाचकाला एकच विचारलं की तुमच्या गावात सभा कधी घेताय. नुसतं छापलं नाही, पत्रं लिहिली, गावोगावच्या पाद्र्यांना, नगराध्यक्षांना, लिबरल कार्यकर्त्यांना, भाषण करू शकेल अशा प्रत्येकाला. ऑगस्टच्या शेवटी डार्लिंग्टनमध्येच सभा झाली, मग बिशप ऑकलंड आणि मग एकामागून एक गावं. सभा झाली की दुसऱ्या दिवशी तिचा वृत्तांत पेपरात, कोण बोललं, काय ठराव झाला, सगळं तपशिलात, आणि तो वाचून शेजारच्या गावाला वाटायचं आपण का मागे. ज्या गावाने सभा घेतली नाही त्याला जाब विचारला जायचा. ही युक्ती साधी आहे पण ती फक्त जिल्ह्याच्या पेपरलाच जमते, कारण वाचकाला स्वतःच्या गावाचं नाव छापलेलं दिसतं, स्वतःच्या प्रार्थनाघराच्या पाद्र्याचं नाव दिसतं. लंडनच्या पेपरला बिशप ऑकलंडच्या सभेसाठी दोन ओळींपलीकडे जागा कुठून असणार!

स्टेडने त्याच्या टिपणात लिहिलंय की मला देवाची हाक ऐकू आली, देशाला जागं कर. मी स्वतः देवाच्या हाकेवर निर्णय घेणाऱ्यांना जरा घाबरतो. पण इथे त्या हाकेबरोबर कष्टाचं, किचकट, रोजचं काम होतं, यादी करणं, पत्रं पाठवणं, वृत्तांत मागवणं, आणि ते त्याने केलं.

दुसरं म्हणजे जमीन तयार होती. १८६७ च्या सुधारणा कायद्याने शहरांतल्या कामगार घरमालक-भाडेकरूंना मत मिळालं होतं, १८७२ पासून मतदान गुप्त झालं होतं. डरहॅमच्या खाणकामगारांची संघटना उभी होती. आणि सरकारी चर्चबाहेरच्या पंथांचं जाळं, मेथडिस्ट, काँग्रिगेशनल, क्वेकर, प्रत्येक गावात एक सभागृह आणि बोलायची सवय असलेला एक माणूस हे तयारच होतं. पेपरने ते एकमेकांना जोडलं.

ग्लॅडस्टन ऑगस्टच्या शेवटी हॉवर्डनला घरी होता, कंबर धरल्यामुळे अंथरुणात, आणि तिथेच त्याने ती प्रसिद्ध पत्रिका लिहिली, बल्गेरियातल्या अत्याचारांवरची. ६ सप्टेंबरला बाहेर आली आणि महिनाभरात दोन लाख प्रती गेल्या. ९ तारखेला ब्लॅकहीथला प्रचंड सभा. शाळेतल्या इतिहासात हे असं येतं की ग्लॅडस्टनने देश पेटवला. तारखा बघितल्या तर उलटं दिसतं, उत्तरेतल्या सभा आधी सुरू झाल्यात आणि ग्लॅडस्टन त्या लाटेवर स्वार झालाय. स्टेड त्याला कळवत होता, दोघांचा पत्रव्यवहार तेव्हापासून सुरू झाला. इतिहासकार फ्रीमनने तर 'एको'ला युरोपातला सर्वोत्तम पेपर म्हणून टाकलं. अर्ध्या पेनीच्या पेपरला!

८ डिसेंबरला लंडनच्या सेंट जेम्स हॉलमध्ये राष्ट्रीय परिषद झाली, सगळे मोठे विद्वान, पाद्री, राजकारणी एका मंचावर. सरकारचं धोरण काही रातोरात फिरलं नाही. पण एप्रिल १८७७ मध्ये रशियाने तुर्कस्तानवर युद्ध पुकारलं तेव्हा इंग्लंड तुर्कांच्या बाजूने त्यात उतरलं नाही, क्रायमियाच्या युद्धाच्या वेळी उतरलं होतं तसं. बल्गेरियाचा प्रश्न लोकांच्या मनात इतका ताजा असताना डिझरायलीला ते करणं अवघड होतं, हे यश मी या सभांच्या खात्यावर लिहीन.

आता जे चुकलं ते. स्टेडला एकदा बाजू पटली की दुसरी बाजू दिसायचीच बंद व्हायची. १८७७ मध्ये त्याची ओळख ओल्गा नोविकॉफ या रशियन बाईंशी झाली, लंडनमध्ये रशियाची बाजू मांडणाऱ्या, आणि त्यानंतर रशियाबद्दल तो फारच भाबडेपणाने लिहायला लागला. तुर्कांनी केलेले अत्याचार खरे, पण रशियन सैन्य पुढे सरकलं तसे बाल्कनमधले मुसलमान शेतकरीही घरंदारं सोडून पळाले, मेले, तेही खरंच होतं, आणि त्या माणसांसाठी तशा सभा भरल्या नाहीत. १८७८ च्या सुरुवातीला रशियन फौजा तुर्कांच्या राजधानीच्या, कॉन्स्टँटिनोपलच्या तोंडाशी आल्या तेव्हा लंडनचं वारं साफ फिरलं, गर्दीने ग्लॅडस्टनच्या घराच्या काचा फोडल्या. त्याच वसंतात डिझरायलीने हिंदुस्थानी फौज, सात हजारांच्या आसपास माणसं, मुंबईहून जहाजांत घालून माल्टाला नेली, रशियाला धाक म्हणून. बाल्कनच्या भांडणाशी ज्यांचा काडीचा संबंध नाही अशी आपल्याकडची माणसं भूमध्य समुद्रात जाऊन उभी राहिली, हे डार्लिंग्टनच्या गोष्टीचं आपल्या दारापर्यंत आलेलं टोक. स्टेड मात्र वारं फिरलं तरी फिरला नाही. खप आणि शिव्या दोन्हीची पर्वा न करता युद्ध नको म्हणत राहिला. त्याच्या रशियाप्रेमाशी मी सहमत नाही, पण वाचकांची लाट ओसरल्यावरही त्याच जागी उभं राहणं हे काम संपादकाचंच आहे आणि ते सोपं नसतं.

१८८० च्या निवडणुकीत लिबरल जिंकले, ग्लॅडस्टन पंतप्रधान झाला, उत्तरेतल्या यशात 'एको'चा वाटा मोठा. आणि त्याच वर्षी स्टेड लंडनला गेला, 'पॉल मॉल गॅझेट'मध्ये जॉन मॉर्लीचा सहायक म्हणून. १८८३ ला मॉर्ली खासदार झाल्यावर स्टेड संपादक.

लंडनचं सगळं इथे सांगत नाही, फक्त एक प्रकरण, कारण त्याशिवाय डार्लिंग्टन कळत नाही. जुलै १८८५. लंडनमध्ये गरिबांच्या लहान मुली वेश्याव्यवसायासाठी विकल्या जातात हे सिद्ध करायला स्टेडने मध्यस्थांमार्फत १३ वर्षांची एलायझा आर्मस्ट्राँग पाच पौंडांना 'विकत' घेतली, तिला इजा होणार नाही याची काळजी घेत, आणि ६ जुलैपासून लेखमाला छापली. रेल्वे स्टेशनांवरच्या डब्ल्यू. एच. स्मिथच्या पेपर स्टॉल्सनी अंक विकायला नकार दिला, सॅल्व्हेशन आर्मी या ख्रिस्ती सेवासंस्थेचे स्वयंसेवक रस्त्यावर उभे राहून विकू लागले, आणि संसदेने ऑगस्टमध्ये संमतीचं वय १३ वरून १६ केलं. हा कायदा व्हायलाच हवा होता. आपल्याकडे सहाच वर्षांनी, १८९१ मध्ये, हेच वय १० वरून १२ करताना आगरकर एकीकडे, टिळक दुसरीकडे आणि पुण्यात केवढा गदारोळ, ते मराठी वाचकाला सांगायला नको.

पण पद्धत बघा. १८७६ मध्ये स्टेड लोकांना म्हणत होता तुम्ही उभे राहा, सभा घ्या, सही करा. १८८५ मध्ये तो स्वतःच गुप्तहेर, स्वतःच साक्षीदार, स्वतःच न्यायाधीश. डार्लिंग्टनमध्ये त्याने एखाद्या कुटुंबाबद्दल चुकीचं छापलं असतं तर दुसऱ्या दिवशी ते कुटुंब, त्यांचा पाद्री, त्यांचा खाणीतला मुकादम ऑफिसच्या दारात उभे राहिले असते, आणि वर बेल आणि पीझ मंडळी होतीच. लंडनमध्ये त्याला अडवणारं कोणी उरलं नव्हतं. एलायझाच्या वडिलांना विचारलंच नव्हतं. आई म्हणाली मी पोरीला घरकामाला पाठवतेय असं समजून पाठवलं. कोर्टाने स्टेडला अपहरणासाठी तीन महिन्यांची शिक्षा दिली, आणि त्याच्यासाठी मध्यस्थी करणाऱ्या रिबेका जॅरेटला सहा.

तुरुंगाच्या अनुभवानंतर १८८६ मध्ये त्याने पत्रकारितेच्या राज्यावर लेख लिहिला, त्यात म्हणणं असं की खासदाराला लोक काही वर्षांतून एकदा मत देतात, संपादकाला रोज, रोजचे पैसे टाकून, म्हणून संपादक लोकांच्या जास्त जवळ. हा विचार वाचला की मला तो अर्धा पेनी आठवतो, डार्लिंग्टनच्या स्टेशनवर पहाटे मोजलेला. तिथे ते खरं होतं, कारण पैसे टाकणारा माणूस संध्याकाळी सभेत येऊन त्याच्याशी भांडूही शकत होता.

१५ एप्रिल १९१२ ला न्यूयॉर्कच्या परिषदेला जाताना स्टेड टायटॅनिकबरोबर गेला. डार्लिंग्टनमध्ये त्याचा दगड जपलाय, घराबाहेरचा मोठा धोंडा, ज्याला तो तट्टू बांधायचा, आता गावच्या ग्रंथालयाबाहेर आहे. एलायझाच्या खटल्यात शिक्षा झाली तो दिवस १० नोव्हेंबर १८८५, आणि त्यानंतर दरवर्षी त्या तारखेला स्टेड अभिमानाने कैद्याचे कपडे घालून लंडनमधून फिरायचा. त्याच खटल्यात लुईझ मुरे नावाच्या दाईलाही सहा महिने झाले होते, तिने स्टेडच्या सांगण्यावरून एलायझाला तपासलं होतं. ती तुरुंगातच मेली.